पद्माकरांचा मूकपट

परदेशातल्या गुंगालिन गावची थंडी वयाचा मुलाहिजा ठेवत नाही. मंगळवारी सकाळी, उजाडायच्या आधीच, पद्माकर कचऱ्याचा बिन ढकलत निघाले. ड्राइव्हवेवर दव गोठलं होतं. पाय सटकला आणि सदुसष्ट वर्षांचे गृहस्थ चारी मुंड्या चीत! बिन एकटाच पुढे धावला आणि लेटरबॉक्सवर आदळून आडवा झाला. पद्माकर उठले, टोपी झटकून डोक्यावर ठेवली आणि पहिलंच पाऊल टाकताना पुन्हा आपटले.

दारावरच्या कॅमेऱ्याने हे सगळं टिपलं होतं. अंधारामुळे काळंपांढरं, आवाजाचं नाव नाही. चहा घेताना फोनवर ते पाहून पद्माकर एकटेच खो खो हसले. हसू ओसरलं तसं घर खायला उठलं. पत्नी मेधा जाऊन तीन वर्षं झाली होती.

लेक शाल्मली लहान असताना दर रविवारी बापलेक शंभर वर्षांपूर्वीचे विनोदी मूकपट बघायचे. कुणी शिडीवरून कोसळे, कुणी रंगाच्या बादलीत बसे, आणि प्रत्येक पडण्याला दोघं दहापैकी मार्क देत. पोरीचं मराठी मोडकं, यांचं इंग्रजी ऑफिसातलं; पण हसताना काही अडायचं नाही. आता ती दूर वॉलॉंगॉंग शहरात हॉस्पिटलात, इमर्जन्सीत डॉक्टर होती. फोन यायचा तो गोळ्या घेतल्या का विचारायला. तिचं हसू शेवटचं कधी ऐकलं, हे पद्माकरांना काही केल्या आठवेना. तेवढं एकदा ऐकायला मिळावं, म्हणून त्यांनी क्लिप पाठवली. खाली लिहिलं, ‘दहापैकी किती?’

दोन मिनिटांत फोन आला.

“बाबा, डोकं आपटलं का? नीट उभं राहता येतंय ना?”

“अगं, ठणठणीत आहे! दुसऱ्यांदा पडलो ते बघितलंस? टोपी घालून?”

“इट्स नॉट फनी, बाबा. माझ्या शिफ्टला रोज येतात असे. हिप मोडलेले, एकटे राहणारे. काही जण तर दुसऱ्या दिवशी सापडतात.”

पडणारा उठणार याची खात्री असते, म्हणून तर हसू येतं. लेकीची ती खात्री कधीच संपली होती, आणि हे पद्माकरांना आज कळत होतं.

“मी सॅटर्डेला येते. तोवर बिनला हात लावू नकोस, प्लीज.”

“नो वरीज,” ते म्हणाले.

फोन ठेवून त्यांनी क्लिप पुन्हा लावली. या वेळी हसू आलं नाही. तो म्हातारा उठतो की नाही, एवढंच ते जीव मुठीत धरून बघत राहिले.