पाण्यातल्या बाईचं बाळ

कातरवेळी डिंभ्याच्या जलाशयावर जो राखाडी, ओलसर उजेड उतरतो, त्यात मला सायलीच दिसते: एक डोळा मिटलेला, ओठ दातांत धरलेला, आणि कॅमेऱ्यामागे श्वास इतका रोखलेला की वाटावं, बाईसाहेब आता भोवळ येऊन पडतात. सायली माझी नणंद. महाळुंग्याच्या आमच्या शेतकरी घरात भुताचे सिनेमे करणारी ही पहिलीच, आणि सासऱ्यांचं चाललं असतं तर शेवटचीही.

जपानी लोककथांचं तिला भारी वेड. तिथे म्हणे बाळंतपणात गेलेली एक बाई ओलेत्या केसांनी पाण्याकाठी उभी राहते आणि येणाऱ्याजाणाऱ्याला आपलं बाळ धरायला सांगते. धरलं की ते दगडासारखं जड होत जातं. ही आपल्या हडळीचीच सख्खी बहीण, असं सायली म्हणे. पण ते बाळ शेवटी घ्यावं कुणी आणि का, हे तिला काही केल्या सुचेना. सिनेमा पुरा झाला नाही तर कॅमेरा विकून पुण्यात नोकरी धरायची, असं तिने सासऱ्यांना कबूल केलं होतं. त्या माघात तिचं हसणं धरणाच्या पाण्यासारखं आटत चाललं होतं, आणि मला ते बघवत नव्हतं.

भूत झाले मी. नणंदेने भावजयीचं भूत करावं, यात नवल ते काय! पांढरं लुगडं नेसून, छातीशी चिंध्यांचं गाठोडं धरून मी कमरेएवढ्या पाण्यात कुडकुडत होते. सायली करवंदीच्या जाळीआड. एवढ्यात काठाने येसूबाई आली. धरणात मासे धरणाऱ्या घरातली ही म्हातारी. शूटिंगचा तिला पत्ताच नव्हता. तिने पाहिली ती लेकरासकट खोल पाण्याकडे तोंड करून उभी असलेली एक बाई. ती तशीच पाण्यात शिरली.

"आदी लेकरू दे माज्याकडं," ती हळू म्हणाली. "मंग तू ये. घाई न्हाई."

मी गाठोडं दिलं. चिंध्या हाताला लागल्या आणि तिला सगळं उमगलं. मला वाटलं, आता ही शिव्यांची लाखोली वाहणार, गाव गोळा होणार, सिनेमा बुडाला. येसूबाई मात्र पाण्यातून मागे फिरली आणि मटकन काठावर बसली.

"खोटं व्हतं व्हय? बरं झालं बाय, खोटं व्हतं."

हुश्श! सायली जाळीतून धावत आली. कॅमेरा तिने बंद केलाच नव्हता. हे सिनेमात ठेवू का, असं तिने येसूबाईला विचारलं, तेव्हा म्हातारी म्हणाली, ठेव की. मग पाण्यातून वर आलेल्या लेकुरवाळीला रिकाम्या ओटीने धाडत नाहीत म्हणून घरी नेऊन तिने तांदूळ-नारळाने माझी ओटी भरली. चिंध्यांच्या बाळालाही तिने तीट लावली.

येसूबाईने बाळ घेतलं, तिथेच सिनेमा पुरा झाला. सासऱ्यांनी तो पाहिला, उपरण्याने डोळे पुसले, आणि कॅमेऱ्याचा विषय पुन्हा काढला नाही. सायली आता नव्या सिनेमापायी दूर गेली आहे. तिच्यावाचून घर मुकं वाटतं, पण जिवाला घोर नाही. काळ एकेकाला खोल पाण्याकडे नेतच असतो. आठवण मात्र काठावर हात पुढे करून उभी राहते, आणि तिला घाई नसते.