उभ्या गाडीचा टॅक्स

गाडीच्या टॅक्सच्या खिडकीमागे बसून मला एकोणतीस वर्षं झाली. त्यातली शेवटची पाच मी एकच गोष्ट समजावून सांगण्यात घालवली. गाडी २००८ च्या जुलैआधी नोंदलेली असेल, तर टॅक्स इंजिनाच्या आकारावर. जुलैनंतरची असेल, तर धुरावर. म्हणजे दर किलोमीटरला ती किती ग्रॅम कार्बन सोडते त्यावर. बस, एवढंच. खिडकीपलीकडचा माणूस शांतपणे ऐकून घेतो, मान डोलावतो आणि विचारतो, "पण माझी गाडी तर फक्त रविवारी चर्चला जाते. मग मला एवढा का?"

कारण तू गाडी किती चालवतोस हे सरकार विचारतच नाही, बाबा. गुरांचा एक दलाल आहे आमच्याकडे. वर्षाला साठ हजार किलोमीटर फिरतो, पण गाडी नवी, एकशे अठरा ग्रॅमवाली, म्हणून भरतो दोनशे युरो. आणि ज्याची दोन हजार सीसीची जुनी गाडी आठवड्यातून एकदा गोठ्यातून बाहेर निघते, तो भरतो सातशे दहा. सुरुवातीला मी लोकांशी वाद घालायचे, मग त्यांच्या बाजूने बोलायला लागले, मग दोन्ही सोडून दिलं. वर्ष सांगा, ग्रॅम सांगा, मी तक्ता न बघता आकडा सांगते. बायकांना देव काय काय कला देतो, मला ही दिली.

२०१३ चा सप्टेंबर तर मी कधी विसरणार नाही. आमच्याकडे एक जुनी रीत होती. टॅक्स आठ-दहा महिने थकला की माणूस पोलीस चौकीत जायचा आणि लिहून द्यायचा की इतके महिने गाडी रस्त्यावर आलीच नाही, शेडमध्ये उभी होती. सार्जंट लाव्हेल त्यावर शिक्का मारायचा आणि थकलेला टॅक्स माफ. माणूस त्याच गाडीतून चौकीत आलेला असायचा, गाडी चौकीच्या दारात उभी असायची. म्हणून लाव्हेल शिक्का मारताना खिडकीकडे पाठ करून बसायचा. फादरही लिहून द्यायचे, शाळामास्तरही. याला कोणी खोटं म्हणायचं नाही. फॉर्म भरणं म्हणायचे.

आता सरकारने ही वाट बंद केली होती. एक ऑक्टोबरपासून गाडी उभी ठेवायची असेल तर आधी सांगायचं, मागचं काही चालणार नाही. त्यामुळे त्या महिन्यात अख्ख्या काउंटीला आपापल्या गाड्या शेडमध्ये होत्या हे एकदमच आठवलं. रांग जिन्यावरून खाली फुटपाथपर्यंत. त्यात आदल्याच रविवारी आमची काउंटी फुटबॉलची अंतिम मॅच पुन्हा एकदा हरलेली, त्यामुळे सगळ्यांची तोंडं पडलेली. माझे पाय सुजले होते, जीभ कोरडी पडली होती. खरं सांगते, मला माणसांचा कंटाळा आला होता.

त्या महिन्याच्या शेवटच्या गुरुवारी दुपारी अट्रॅक्टाबाई किल्बेन आल्या. चौऱ्याहत्तर वर्षांच्या, डोंगराखालच्या वाडीतल्या. दर ऑगस्टला येऊन वर्षाचे पैसे मोजून देणाऱ्या, चौकीत कधीही न गेलेल्या. यंदा मात्र ऑगस्ट उलटून गेला होता. त्यांचा नवरा पॅकी दोन वर्षांपासून वृद्धाश्रमात होता. त्याचं डोकं गेलं होतं, म्हणजे आठवणच राहिली नव्हती. त्याच्या पेन्शनचा मोठा वाटा आश्रमात जायचा, हे सगळ्या गावाला माहीत होतं.

"कॉन्सेप्टा, पोरी, एक अंदाज सांग," पर्स काचेला टेकवून त्या म्हणाल्या. अठ्ठावन्न वर्षांच्या मला पोरी म्हणणारं जगात आता एवढंच माणूस उरलंय. "२०१०ची लहान गाडी. एकशे अठरा ग्रॅम."

"दोनशे."

"महिन्याला?"

"वर्षाला हो, अट्रॅक्टाबाई."

"आणि आमची?"

त्यांची गाडी मला पाठ होती. २००१ची, राखाडी, दोन हजार सीसी. "सातशे दहा. तीन महिन्यांचे भरलेत तर दोनशे."

त्या पर्समधल्या नोटा बोटांनी मोजू लागल्या. मागून कोणीतरी खाकरलं, "आजी, आम्हालाही घरी जायचंय हो."

"तुझी गाडी आठ महिने शेडमध्ये होती ना रे, मग आणखी पाच मिनिटांनी काय बिघडतंय?" अट्रॅक्टाबाई मागे न बघता म्हणाल्या. रांग हसली.

लहान गाडी त्यांच्या मुलीची, सोरखाची. ती डब्लिनला असते, तिने नवी घेतली होती. जुनी आईला देते म्हणाली, पण अट एकच: बाबांची ती राखाडी गाडी भंगारात घालायची. टॅक्स परवडत नाही, दुरुस्ती परवडत नाही, कशाला सांभाळायची? मुलगी वाईट नव्हती. तिचा हिशेब बरोबर होता.

"मग घ्या की," मी म्हटलं. "काय अडलंय?"

"तो तिच्यात बसत नाही."

दर रविवारी त्या अडतीस किलोमीटर गाडी चालवत आश्रमात जायच्या. पॅकी त्यांना ओळखत नव्हता. मुलीला नाही, फादरला नाही, आरशातल्या स्वतःलाही नाही. पण राखाडी गाडी अंगणात आली की तो कोट मागायचा. चालवायच्या बाजूला जाऊन बसायचा, स्टिअरिंगवर हात ठेवायचा आणि शेजारी बसलेल्या अट्रॅक्टाबाईंना म्हणायचा, "कुठे निघालात बाई? या भागात बस मिळायची नाही. मी सोडतो तुम्हाला." किल्ली बाईंच्या पर्समध्ये असायची. अर्धा तास तो असा गाडी चालवायचा. बटाटे, गवत, जळणासाठी दलदलीतली पीट माती कापायचे दिवस, कुणाच्या मेंढ्या, सगळं बोलायचा. तेवढा अर्धा तास तो पूर्वीचा पॅकी असायचा.

"उन्हाळ्यात सोरखाने तिची गाडी नेली होती," त्या म्हणाल्या. "तो जवळही गेला नाही. म्हणाला, दुसऱ्याची गाडी आहे, बाई, चोर म्हणतील आपल्याला."

मी घड्याळाकडे पाहिलं. मला वाईट वाटलं होतं, आणि वाईट वाटण्याएवढंही बळ अंगात उरलं नव्हतं. म्हणून मी त्यांना तेच सांगितलं जे कोणालाही सांगितलं असतं.

"हे बघा, तुमची मुदत ऑगस्टअखेर संपली. सप्टेंबरचं ओझं डोक्यावर घेऊ नका. लाव्हेल पाचपर्यंत चौकीत आहे. गाडी सप्टेंबरभर शेडमध्ये होती म्हणून लिहून द्या आणि पुढचं आजच उभी म्हणून नोंदवा. एक सेंट लागायचा नाही."

"पण मी चालवली ना. चार रविवार."

"अहो, सगळेच चालवतात!"

"सगळ्यांचं सगळ्यांपाशी."

"फादरनी तीन वेळा लिहून दिलंय, अट्रॅक्टाबाई. तीन वेळा! तुम्ही काय त्यांच्याहून सोवळ्या?"

मी जरा चढ्या आवाजात बोलले. रांगेतली माणसं बूट न्याहाळू लागली. त्या रागावल्या नाहीत. काचेच्या खालच्या फटीतून माझ्याकडे वाकून, हळू आवाजात म्हणाल्या:

"सोवळं नाही गं. आम्हा दोघांपैकी आता एकालाच आठवतंय. त्या चार रविवारी तो मला मेंढ्यांबद्दल बोलला, एकदा गाणंही म्हणाला. ते घडलंच नाही, गाडी शेडमध्ये होती, असं मीच सही करून दिलं, तर मग ते राहिलं कोणापाशी?"

मी मान खाली घातली आणि फॉर्म काढला.

त्यांनी पर्समधून दहा-दहाच्या नोटा काढल्या. दोनशे युरो: सप्टेंबर, ऑक्टोबर, नोव्हेंबर. लहान गाडीचं अख्खं वर्ष निघालं असतं त्यात. मी गाडीच्या काचेवर लावायची टॅक्सची चकती छापून दिली. त्या ती रुमालात गुंडाळत होत्या, आणि माझी नजर गठ्ठ्यातल्या नव्या फॉर्मवर गेली, गाडी उभी ठेवण्याच्या. त्या महिन्यात मी तो शेकडो वेळा लोकांपुढे सरकवला होता, पण नीट वाचला नव्हता. त्यात लिहिलं होतं, गाडी सार्वजनिक रस्त्यावर आणणार नाही. कोणाच्या शेडमध्ये उभी राहणार, हे विचारलंच नव्हतं.

"अट्रॅक्टाबाई, थांबा जरा," मी म्हटलं. "आश्रमाच्या मागे जागा आहे का हो? रस्त्याला न लागणारी?"

"स्वयंपाकघरामागे आहे. बॉयलरची खोली आहे तिथे. का?"

"डिसेंबरपासून गाडी तिथे उभी ठेवा. टॅक्स शून्य. तुमच्या येण्याजाण्याला सोरखाची घ्या, वर्षाला दोनशे. भंगारात कशाला घालायला हवी?"

त्यांनी चकतीचा रुमाल उलगडून पुन्हा गुंडाळला. मग विचारलं, "ती तिथे उभी राहील, पण तो तर ती चालवतोय असं समजेल. मग मी सही केलेलं खोटं नाही होणार?"

एकोणतीस वर्षांत मला कोणी इतका अवघड प्रश्न विचारला नव्हता.

"फॉर्म गाडीबद्दल विचारतो," मी म्हटलं. "माणसाबद्दल नाही."

अट्रॅक्टाबाईंनी तो फॉर्म मागून घेतला आणि रुमालाशेजारी पर्समध्ये ठेवला.

आश्रमाच्या मुख्य सिस्टरने होकार दिला, पण तेल गळलं तर फरशी पुसून द्यायची असं बजावलं. सोरखा फोनवर आईशी भांडली, मग माझ्याशी भांडली, मग नाताळात गाडी घेऊन येते म्हणाली. नोव्हेंबरमध्ये अट्रॅक्टाबाईंनी फॉर्म भरला. प्रत्येक ओळ दोनदा वाचली, तारीख स्वतःच्या हाताने घातली.

चोवीस नोव्हेंबर, शेवटचा रविवार. त्यांना परत आणायला कोणीतरी हवं होतं, म्हणून मी माझ्या गाडीने मागोमाग निघाले. मला कोणी जा म्हटलं नव्हतं. रविवारी माझ्या घरी माझी वाट बघायला कोणी नसतं, एवढंच. अडतीस किलोमीटर त्या साठच्या वर गेल्या नाहीत. प्रत्येक वळणावर दिवा लावायच्या, रस्त्यावर कुत्रंही नसताना. दोन गाड्या हॉर्न वाजवून पुढे गेल्या. मला वाटलं, चालवू द्या रे तिला, पैसे भरलेत तिने या रस्त्याचे.

बॉयलरच्या खोलीमागे त्यांनी गाडी लावली, किल्ली काढली, पर्समध्ये टाकली आणि पर्स बंद केली. मग तशाच बसून राहिल्या. मी काचेवर टकटक केली तेव्हा बाहेर आल्या. डोळे लाल होते.

"झालं," म्हणाल्या. "आता ही कुठे जायची नाही."

सिस्टरने पॅकीला आणलं. उंच, वाकलेला, अंगात कोट, डोक्यावर टोपी. माझ्याकडे, बायकोकडे त्याने अनोळखी माणसाकडे बघावं तसं पाहिलं. मग त्याला गाडी दिसली आणि त्याचे पाय आपोआप भरभर पडू लागले. दार उघडून तो आत बसला, सीट मागे सरकवली, आरसा नीट केला. अट्रॅक्टाबाई शेजारी बसल्या. मी बाहेर थंडीत उभी होते, तर त्याने मागचं दार उघडायची खूण केली.

"या बाई, तुम्हीही या. पाऊस येतोय. कशाला भिजता?"

मी बसले. गाडीत जुन्या कातड्याचा आणि पीटच्या धुराचा वास होता. समोरच्या काचेवर चकती होती, अजून सहा दिवस चालणारी. पुढे फक्त भिंत, आणि भिंतीवर भांडी वाळत घातलेली.

पॅकीने स्टिअरिंग हलकेच डावीकडे वळवलं. "कुठे सोडू तुम्हाला?" त्याने बायकोला विचारलं.

"डोंगराखालच्या वाडीत," अट्रॅक्टाबाई म्हणाल्या. "किल्बेनांच्या घरी."

"अरे, मग आमच्याच वाटेवर आहे की!" तो खुशीत म्हणाला. "किल्बेन म्हणजे आपलीच माणसं. कोण तुमचं तिथे?"

"नवरा," त्या म्हणाल्या.

"चांगला आहे का?"

"चांगला आहे."

तो समाधानाने मान हलवत भिंतीकडे बघत चालवत राहिला. पाऊस सुरू झाला, तसा वायपरच्या दांड्याकडे त्याचा हात गेला. वायपर हलले नाहीत, पण त्याच्या ते लक्षात आलं नाही. मग आरशातून माझ्याकडे बघून त्याने विचारलं, "आणि तुम्ही बाई? तुम्हाला कुठे?"

दोन्ही हात मांडीवर ठेवून मी सीटला टेकले.

"मला घाई नाही, पॅकी," मी म्हटलं. "मी फार दमलेय. तुम्ही चालवा."