रिकाम्या खुर्चीला दिलेला होकार

चौऱ्याऐंशी साली टीव्हीचं चॅनेल एकच होतं आणि आमच्या युनिटमध्ये कॅमेऱ्यासोबत बाहेर पडणारी बातमीदार बाई मी एकटीच. साहेब म्हणायचे, "रतन, कपाळाला आठ्या नकोत. छान मान हलवायची." ही मानेची भानगड सांगते. कॅमेरा एकच, तो समोरच्या माणसावर. माणूस बोलून निघून गेला की कॅमेरा माझ्यावर फिरवायचे आणि मी रिकाम्या खुर्चीकडे बघत मान डोलवायची. मग ती मान त्याच्या बोलण्यात मध्येमध्ये जोडायचे. कॅमेरामन धोंडू खुर्चीवर स्वतःची पिशवी ठेवायचा आणि म्हणायचा, "बाई, पिशवीला हो म्हणा."

मी म्हणत गेले. नोकरी टिकवायची होती.

गेल्या मंगळवारी सोनूबाई माझ्या नाहूरच्या घरी आली. खाडीकाठच्या कोळीवाड्यातली. तेव्हा त्यांच्या जागेवर मी केलेल्या बातमीत तीही बोलली होती, पण तिचं बोलणं कापलं गेलं. तिने सुनेचा फोन माझ्यापुढे धरला. त्यात तरुण श्यामकांत बिल्डर सांगत होता, "मासळी सुकवायची जागा कोळ्यांनी राजीखुशीने दिली." आणि लगेच मी, अठ्ठावीस वर्षांची, मान डोलावतेय.

"येत्या सोमवारी आमच्या जागेच्या केसला कोर्टात हेच दाखवनार हाय तो," सोनूबाई म्हणाली. "तू हो बोललीस त्याला?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिला खुर्चीचं सांगितलं. ती म्हणाली, "मला नको सांगू. सगल्यांना सांग."

दुसऱ्याच दिवशी अंधेरीच्या एका चॅनेलचा फोन आला. टीव्हीवरच्या पहिल्या बातमीदार बायकांवर कार्यक्रम होता. आयतंच सापडलं म्हणून मी हिरवी साडी नेसून गेले. इतकं आयतं काही मिळतं का, हे विचारायला हवं होतं.

मुलाखत दीप्ती नावाची मुलगी घेत होती. मी सगळं बोलले. खुर्ची, पिशवी, सोनूबाईचे कापलेले शब्द. दीप्तीच्या डोळ्यांत पाणी आलं. पोरगी गुणी आहे, मला वाटलं.

"झकास झालं, मॅम," ती म्हणाली. "आता आवाज बंद आहे. नुसतं माझ्याकडे बघत बसा ना दोन मिनिटं. गुडघे दुखतात का हो? रिक्षा मिळेल ना घरी जायला?"

मी मान डोलावली. जुनी सवय. वर हसलेसुद्धा.

बाहेर पडताना शेजारच्या खोलीत एका म्हाताऱ्याच्या तोंडाला पावडर लावत होते. श्यामकांत. त्याने आरशातूनच मला हात जोडले. तेव्हा कुठे डोक्यात प्रकाश पडला. स्टुडिओत तीन कॅमेरे होते. तीन कॅमेरे असताना मान वेगळी कशाला घ्यायची?

मी परत फिरले. दीप्तीच्या खोलीचं दार आतून बंद होतं. पहारेकऱ्याने मला अदबीने लिफ्टपर्यंत सोडलं. त्यानंतर तिने माझा एकही फोन उचलला नाही.

रविवारी संध्याकाळी कार्यक्रम लागला. माझं बोलणं कुठेच नव्हतं. श्यामकांत म्हणत होता, "या बाई तेव्हा स्वतः हजर होत्या. जागा राजीखुशीने दिली, विचारा त्यांना." आणि हिरव्या साडीतली सत्तरीची मी, हसत, मान डोलावत होते.

फोन वाजला. सोनूबाई ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"ह्या टायमाला तर खुर्ची रिकामी नव्हती ना गो, रतनबाय?"