मुदत उलटलेला पट्टा

मी पट्टा बोलतोय. पण पँट सावरणाऱ्या पट्ट्यांशी माझं नातं जोडू नका. मी पॅराशूटचा पट्टा आहे. विमानातून उडी मारायची वेळ आली तर माणसाचा जीव ज्याच्यावर लटकतो, त्या जातीचा. सध्या मी अशा एका माणसाच्या कमरेला असतो, ज्याच्या नावाचा कागद कुठल्याच फाइलीत नाही. माझ्यापाशी वेळही फारसा नाही, म्हणून आडपडदा न ठेवता सांगतो.

माझा जन्म अठ्ठ्याहत्तर साली कानपूरच्या एका कारखान्यात झाला. खाकी नायलॉनची जाड वीण, दुहेरी शिवण आणि पोलादी बक्कल. जन्मतःच माझ्या अंगावर पांढऱ्या रंगात दोन तारखा छापल्या: एक जन्माची, दुसरी मुदत संपण्याची. तिथून मी थेट लखनौजवळ बख्शी का तालाबला हवाई दलाच्या तळावर आलो.

तिथे माझी जी बडदास्त होती, ती आठवली की आज माझाच मला हेवा वाटतो. पॅराशूट विभागात सार्जंट लक्ष्मीकांत भोईटे होते. मूळचे कोरेगावचे, साताऱ्याकडचे. दर महिन्याच्या एक तारखेला ते मला लांब टेबलावर पसरत, बक्कल तीनदा ओढून बघत, मग दिव्याखाली धरून शिवण उलटी करत आणि एकेक टाका अंगठ्याने चाचपत. "शिवण बाहेरून काही सांगत नाही, उलटून विचारावं लागतं तिला," असं ते नव्या पोरांना बजावत. सगळं झालं की रजिस्टरमध्ये लिहीत, 'सर्व्हिसेबल', म्हणजे कामाला योग्य, आणि खाली सही.

अकरा वर्षांत माझ्या भरवशावर एकदाही कुणी उडी मारली नाही. तरी दर महिन्याला तपासणी चुकली नाही. मला वाटायचं, जगात प्रत्येकालाच असं कुणीतरी जपत असेल. मी कॅम्पात वाढलेला, मला बाहेरचं काय ठाऊक?

एकोणनव्वद साली मुदत संपली आणि मला भंगारात काढलं. पुढच्या वर्षी लक्ष्मीकांतही निवृत्त झाले. त्यांना पेन्शन मिळाली, मला भंगारवाला. त्याच्याकडून त्यांनी मला मागून आणलं आणि माझ्यावर अंथरुणाची वळकटी बांधायची कामगिरी सोपवली. अपमान वाटला, पण घर चांगलं होतं. गावाकडे वाटण्या होऊन काही उरलं नव्हतं म्हणून लक्ष्मीकांतांनी तळापासून जवळच दोन खोल्या बांधल्या होत्या. अंगणात एक कडुनिंब. त्यांच्या पत्नी मालिनीताई शिवणकाम करत. घरात मराठी चाले, फक्त एकुलता एक मुलगा सुजय सगळं समजून उत्तर मात्र हिंदीत देई.

या सुजयलाही हवाई दलातच जायचं होतं. मेडिकलला डाव्या कानाच्या पडद्यात भोक निघालं आणि तो परत आला. तीन पिढ्यांत वर्दी न चढवलेला हा पहिलाच भोईटे. लक्ष्मीकांत चार दिवस मान खाली घालून जेवले.

ती वर्षं जाहिरातींची होती. नवनवा माल बाजारात येत होता आणि प्रत्येक मालाला लखनौच्या भर बाजारात, हज़रतगंजच्या गच्चीवर उभं राहून लोकांकडे बघायचं होतं. गजेंद्रबाबूंचा धंदा असे मोठाले फलक उभारण्याचा. चौऱ्याण्णव साली सुजय त्यांच्याकडे काम मागायला गेला. गजेंद्रबाबूंनी त्याचे लांब हात बघितले आणि म्हणाले, "कल से आ जाओ."

बस्स. एवढीच त्याची नेमणूक, चार शब्दांची.

"ऑर्डर कुठंय?" लक्ष्मीकांतांनी विचारलं.

"अण्णा, यहाँ ऑर्डर-वॉर्डर नहीं होता. प्राइवेट है."

"आणि वर चढताना काय बांधायला देतात?"

सुजय हसला. "हिम्मत."

लक्ष्मीकांत हसले नाहीत. त्यांनी वळकटी सोडली, मला काढलं आणि मालिनीताईंच्या मशीनपाशी तीन दिवस बसले. माझे दोन तुकडे एकावर एक ठेवून मेणाच्या दोऱ्याने शिवले, लोखंडी कडी अडकवली. मग कडुनिंबाच्या फांदीला मला बांधून अठ्ठावन्न वर्षांचा हा माणूस स्वतः लटकून बघत राहिला. मालिनीताई दारातून ओरडल्या, "अहो, उतरा खाली, लोक काय म्हणतील!" ते लटकल्या लटकल्याच म्हणाले, "सर्व्हिसेबल आहे." माझ्या अंगावरच्या तारखा मात्र त्यांनी पुसल्या नाहीत. हवाई दलाचा छाप आहे, असू दे, म्हणाले. त्या अभिमानाची किंमत पुढे कळली.

कामावर माझी चेष्टा झाली. "क्या रे मराठे, जहाज़ से कूदेगा?" सुजय लाजायचा, पण बांधायचा. खाली हज़रतगंजचा रस्ता, चौथ्या-पाचव्या मजल्यावर तो आणि लोखंडी सांगाड्याला अडकलेला मी. बाकीचे चौघे नुसत्या हातांवर. त्यांना घरी बायका-मुलं होती, पण पट्टा शिवणारा बाप नव्हता.

शहाण्णवच्या मे महिन्यात, दुपारी चारच्या सुमारास, आभाळ एकदम पिवळं झालं. इकडे आँधी येते ती अशीच, न सांगता. सगळे उतरायला लागले, तेवढ्यात खालून गजेंद्रबाबूंचे मुन्शीजी ओरडले, "बस दो बोल्ट और! शाम को पार्टी देखने आ रही है!" सुजय थांबला. एक बोल्ट बसला. दुसरा बसायच्या आत वाऱ्याने पत्र्याचा फलक उचलला, सांगाडा वाकला आणि सुजय कठड्याबाहेर फेकला गेला.

मी धरलं.

अठरा वर्षं ज्यासाठी तयार होतो ते काम शेवटी आलं आणि मी ते केलं. पाऊण तास तो माझ्यावर लोंबकळत होता. सुटलेला पत्रा दोनदा येऊन त्याच्या डाव्या अंगावर आदळला. माझ्या आत कुठेतरी टक्, टक् असे बारीक आवाज झाले, पण तेव्हा तिकडे लक्ष द्यायला कुणाला सवड होती? लोकांनी त्याला ओढून घेतलं तेव्हा डाव्या हाताची दोन बोटं गेली होती आणि खांद्याचा चुरा झाला होता. पण सुजय जिवंत होता. मला अजूनही त्याचा गर्व आहे, आणि तो मी लपवणार नाही.

लक्ष्मीकांत त्याला आधी फौजी दवाखान्यात घेऊन गेले. तिथे वय विचारलं. सव्वीस. पंचवीसपर्यंतच मुलगा बापाच्या कार्डावर चालतो. लक्ष्मीकांतांनी वाद घातला नाही, नियम त्यांना पाठ होता. माझ्यासारखीच त्याचीही मुदत उलटली होती. मग शहरातल्या एका दवाखान्यात खाट मिळाली. गजेंद्रबाबू बघायलाही आले नाहीत.

तेव्हा लक्ष्मीकांतांनी फौजी शिस्तीत, तारीखवार, दोन पानी अर्ज लिहिला आणि कामगारांच्या तक्रारी घेणाऱ्या सरकारी कचेरीत दिला. त्यांचं मागणं एकच होतं: मुलगा कामावर जखमी झालाय, तर बरा झाल्यावर त्याला बसून करायचं काम द्या, आणि ते कागदावर द्या. आयुष्यात एकदा तरी त्याच्या नावाचा कागद निघू दे, असं ते मालिनीताईंना म्हणत.

अर्जाने गजेंद्रबाबू खरंच घाबरले. आठवड्याभरात मुन्शीजी मिठाईचा डबा घेऊन दारात. सुजय दवाखान्यात होता, मालिनीताई त्याच्यापाशी. घरात लक्ष्मीकांत एकटे, आणि खुंटीवर मी.

"भोईटे साहब, छोड़िए ये दफ़्तर-कचहरी," मुन्शीजी म्हणाले. "आप राज़ीनामा लिख दीजिए. उसके बाद बाबूजी लड़के का सब सोचेंगे."

आता नीट ऐका, कारण सगळं इथेच घसरलं. हज़रतगंजात मी हा शब्द पन्नासदा ऐकला होता. दोन रिक्षावाले भांडले, हवालदार आला की म्हणायचा, "राज़ीनामा कर लो," आणि दोघे एकाच ठेल्यावर चहा प्यायचे. लखनौत राज़ीनामा म्हणजे तडजोड, समेट. पण लक्ष्मीकांतांचं अख्खं आयुष्य कॅम्पात गेलेलं. ऑर्डर इंग्रजीत, गप्पा फौजी हिंदीत, घरात साताऱ्याची मराठी. कचेरीतली हिंदी त्यांच्या कानावर कधी पडलीच नव्हती. त्यांनी तो शब्द मराठीत ऐकला.

त्यांचा चेहरा लाल झाला. "राजीनामा? मेरा लड़का राजीनामा देगा? हाथ उसका गया और नौकरी भी वही छोड़ेगा?"

"अरे साहब, आप तो..."

"नहीं देगा! बोल दो अपने बाबू को. भोईटे लोग राजीनामा नहीं देते!"

मिठाईचा डबा अंगणात जाऊन पडला. मुन्शीजी दचकून चपला शोधायला लागले. मी खुंटीवर नुसता लटकत होतो. चौथ्या मजल्यावरून पडणाऱ्या माणसाला मी धरलं होतं, पण समोर चाललेली ती चूक धरायला मला तोंड नव्हतं. लक्ष्मीकांत मात्र संध्याकाळी ताठ मानेने मालिनीताईंना म्हणाले, "हाकलून दिला." त्याही म्हणाल्या, "बरं केलंत."

महिन्याभराने कचेरीत बोलावणं आलं. सुजय घरी आला होता, पण अजून बाजेवरच होता, म्हणून लक्ष्मीकांत एकटेच गेले. पुरावा म्हणून कापडी पिशवीत मला घेतलं. गजेंद्रबाबू या वेळी वकील घेऊन आले होते. वकील म्हणाला, या नावाचा कुणी आमच्याकडे नाही. हजेरीपट दाखवा, पगाराची पावती दाखवा. लक्ष्मीकांतांनी मला टेबलावर ठेवलं. "ये पट्टा देखिए साहब. इसी पर लटका था, बाबूजी के बोर्ड पर."

वकिलाने मला उचललं, चष्मा वर केला आणि माझ्या अंगावरची तारीख मोठ्याने वाचली. "मियाद ख़त्म, उन्नीस सौ नवासी. साहब, सात साल पुराना एक्सपायर माल बाँधकर चढ़ा था लड़का. लापरवाही और किसे कहते हैं?"

ज्यांनी त्याला सुतळीही दिली नव्हती, ते माझी तारीख वाचत होते! मला पुरावा म्हणून आणलं होतं आणि मी उलटी साक्ष देऊन बसलो. इतकी लाज मला भंगारात पडतानाही वाटली नव्हती.

कचेरीतले साहेब फाइल मिटत म्हणाले, "भोईटे जी, आपने राज़ीनामा भी ठुकरा दिया. अब मैं क्या करूँ?"

"जी हाँ, ठुकराया," लक्ष्मीकांत ताठ उभे राहून म्हणाले. "मेरा लड़का नौकरी नहीं छोड़ेगा."

साहेबांनी मिटलेली फाइल पुन्हा उघडली. "नौकरी छोड़ने को किसने कहा? राज़ीनामा, भई. समझौता. ये तो इलाज भी करा रहे थे, और दुकान में पक्की जगह भी दे रहे थे, लिखकर."

लक्ष्मीकांत खाली बसले. मग सगळ्या नोकरीत कुणापुढे न झुकलेला तो माणूस गजेंद्रबाबूंकडे वळून हात जोडून म्हणाला, "तो... अभी कर लेते हैं ना, साहब. समझौता."

गजेंद्रबाबू वकिलाकडे बघून हसले. वकील म्हणाला, "अब किस बात का?"

घरी येऊन त्यांनी सगळं सांगितलं. सुजय बाजेवर पडून ऐकत होता. "अण्णा, मुझसे एक बार पूछ लेते," एवढंच तो म्हणाला. राजीनामा हा शब्दच घरातून गेला, दोन्ही अर्थांनी.

ही गोष्ट तीन वर्षांपूर्वीची. सुजयने बसून करायची कामं पुष्कळ शोधली. सगळीकडे त्याचा हात बघत आणि नंतर कळवतो म्हणत. शेवटी अमौसी विमानतळाच्या रस्त्यावर फलक उभारणारा दुसरा एक ठेकेदार भेटला. त्याला माणसं हवी होती. म्हणाला, "कल से आ जाओ."

डावा हात छातीच्या वर जात नाही, तरी सुजय चढतो. पूर्वी तो दोन्ही हातांनी धरायचा आणि मी सोबतीला असायचो. आता बराचसा भार माझ्यावरच असतो. वरून विमानं उतरताना दिसतात. त्यांतल्या पट्ट्यांची तपासणी वेळेवर होत असेल, होऊ दे बिचाऱ्यांची.

माझीही होते. दर एक तारखेला लक्ष्मीकांत मला मशीनच्या टेबलावर पसरतात, बक्कल तीनदा ओढतात, शिवण उलटी करून खिडकीकडे धरतात आणि डोळे बारीक करून बघतात. पण दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकलाय आणि अंगठा बधिर झालाय. त्या पाऊण तासात माझे आतले टाके तुटले ते त्यांना दिसलेच नाहीत. त्यानंतर दर महिन्याला एखाददुसरा तुटत गेला. आता मधली पूर्ण ओळ गेली आहे, कडेचे चार-सहा तेवढे उरलेत. दिसत नाही हे ते कबूल करत नाहीत. एक चूक त्यांनी पदरात घेतली, दुसरी घ्यायचं बळ आता त्यांच्यात नाही. वहीत लिहितात 'सर्व्हिसेबल', आणि सही करतात. सही अजून तशीच वळणदार आहे.

मालिनीताई, तुम्ही तिथेच हातभर अंतरावर बसलेल्या असता. तुमची नजर अजून पहिल्या फटक्यात सुईत दोरा ओवते. तुम्हाला कुणी विचारत नाही, आणि त्यांना वाईट वाटेल म्हणून तुम्हीही हात लावत नाही. त्यांना वाटू दे वाईट. एकदा मला तुमच्या हातात घ्या आणि उलटून बघा.

आज एक तारीख आहे. वही मिटून झाली आहे. मालिनीताई चुलीपाशी डबा भरताहेत. सुजयने सायकल बाहेर काढली आणि उजवा हात लांबवून मला खुंटीवरून घेतलं.

"सब ठीक है ना, अण्णा?"

"सर्व्हिसेबल," अण्णा म्हणाले.