भिंतीतला पिवळा पट्टा

थोरलीने मागच्या खोलीच्या भिंतीत नख रोवलं आणि तळहाताएवढी ढलपी उचकटून काढली. भिंत जराशी आक्रसली. उचकटलेल्या जागी पाणी सुटलं. तुकडा तिने उजेडाकडे धरला. सगळं घर राखी, तिच्या सासूच्या सासूपासून राखी, आणि हा तुकडा पिवळा.

"परकं आहे," ती म्हणाली. "कुणीतरी बाहेरून आणून लावलंय."

सून ओल्या भुशाची बादली घेऊन दारात उभी होती. संध्याकाळी भिंतींना भुसा चारायचं काम तिच्याकडे होतं. ती काही बोलली नाही, आणि थोरलीला नेमकं तेच खुपलं. मनात काही नसतं तर बाईने तोंड उघडलं असतं.

त्या मुलखात घरं बांधत नसत, वाढवत. रस्त्याच्या दोन्ही अंगांना अळंबीचे जाडजूड देठ, वर छत्र्यांची छपरं, आणि भिंती जिवंत, श्वास घेणाऱ्या. घराचा श्वास छातीत मुरला की माणूस त्या घराचं होई. तोवर नवी नवरी खोकत राही. आणि सासरी रुळलेली मुलगी माहेरी आली की माहेरात खोके. नियम एकच. एका घरात दुसऱ्या घराचा तुकडा रुजवायचा नाही. रुजवला तर दोन बुरशा भिंतीच्या आत भांडतात आणि छप्पर माणसांच्या डोक्यावर येतं. रुजवणाऱ्याला घराबाहेर काढत. थोरलीने यात सख्ख्या दिराचीही गय केली नव्हती, आणि हे ती आल्यागेल्याला ऐकवत असे.

सुनेचा खोकला मात्र महिन्याभरात थांबला होता. घराने पोरीला लगेच आपलं म्हटलं, असं शेजारणी म्हणाल्या. थोरलीच्या कपाळाला तेव्हाच आठी पडली. ती स्वतः वर्ष उलटून गेलं तरी खोकत होती. या पोरीला काय सोनं लागून गेलं होतं? तेव्हापासून ती सुनेवर डोळ्यांत तेल घालून होती. माहेराहून पिशवी आली की तळापर्यंत हात घालून बघे. मुलाला तिने बोलून दाखवलं, तर तो म्हणाला, आई, तुला कोरड्या दगडातसुद्धा पाणी मुरताना दिसतं.

आता पट्टाच सापडला होता. जेवताना तिने सगळ्यांसमोर सांगून टाकलं, की हा तुकडा ज्याचा निघेल त्याने त्याच पावली बाहेर पडायचं. मग सुनेकडे न बघता म्हणाली, गाठोडं बांधून ठेव. मुलगा ताटावरून उठायला लागला, तेव्हा सुनेने त्याचा हात धरून त्याला खाली बसवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळीच तुकडा ओल्या फडक्यात गुंडाळून थोरली सुनेच्या माहेरी, विहिणीकडे गेली. पारख सोपी होती. तुकडा भिंतीला टेकवून ठेवायचा. त्याच घरचा असेल तर बोलता बोलता भिंतीशी एकजीव होतो. परका असेल तर मधे काळी रेघ उमटते.

"भिंती तुमच्या पिवळ्याच की, विहीणबाई."

"अर्ध्या गावाच्या पिवळ्या आहेत," विहीण हसून म्हणाली. ती गोड बोलणारी बाई होती. थोरलीच्या मते गरजेपेक्षा जास्तच गोड. तिने बसायला दिलं, प्रवासाची चौकशी केली, लेकीचा खोकला थांबल्याचं कळून जीव कसा भांड्यात पडला ते सांगितलं. थोरली नुसती हं हं करत होती. तिचे डोळे तुकड्यावरून हलत नव्हते.

रेघ आली. आधी केसाएवढी, मग काजळाच्या बोटाएवढी.

विहिणीचं हसू मावळलं. "नसती आली, तर माझी पोर आज परत येणार होती ना?"

थोरलीने तुकडा फडक्यात घेतला आणि चपला घातल्या.

सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. सून नाही, तर मग कोण? रस्ताभर तिने एकेका शेजारणीला मनात उभं करून झाडा घेतला. वाटेत तिच्या स्वतःच्या लेकीचं सासर लागलं. आपली बाजू घेईल असं जगात एकच माणूस, असं म्हणत ती आत शिरली. लेक हल्ली वरचेवर माहेरी येई, मागच्या खोलीत झोपे, आणि तिला एकदाही खोकला येत नसे. माझं घर माझ्या लेकीला विसरलं नाही, हे थोरलीने गावभर मिरवलं होतं.

लेक पाणी आणायला आत गेली. थोरलीने फडकं भिंतीतून वाढलेल्या फळीवर उघडून ठेवलं आणि सवयीने घर न्याहाळू लागली. बोळाच्या टोकाला लेक-जावयाची खोली. तिचं दार मिटत आलं होतं. जेमतेम हात जाईल एवढीच फट. ज्या खोलीत कुणी झोपत नाही तिचं दार असंच कडेकडेने वाढून मिटतं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. बाहेरच्या कोपऱ्यात एक चटई गुंडाळून ठेवली होती. एकच.

"जावई?"

"वरच्या मजल्यावर असतात," लेक आतून म्हणाली. "हल्ली वरच."

थोरली जायला उठली. तिने फडकं उचललं. फडकं हातात आलं, तुकडा आला नाही. तिने बोटाने कड चाचपली. कड नव्हतीच. फळी सलग होती.

लेक पेला घेऊन उभी होती. तिने फळीकडे पाहिलं, मग आईकडे.

"छप्पर पडणार नाही, आई. वहिनी रोज त्याची कड कापते. तुझ्या भिंतीला भिडू देत नाही."

"पाणी दे इकडे."

थोरलीने पेला रिकामा करून फळीवर ठेवला.

"किती दिवस झाले दार मिटायला लागून?"

"मोजले नाहीत," लेक म्हणाली.

थोरली घरी पोचली तेव्हा सून गाठोडं मांडीवर घेऊन ओट्यावर बसली होती आणि मुलगा तिच्या शेजारी, निघायच्या तयारीने. रेघ आली, एवढंच थोरलीने सांगितलं. मग तुकडा कुणाचा, असं मुलाने विचारलं, तेव्हा तिने त्याच्याकडे अशी नजर टाकली की तो निमूटपणे भुसा भिजवायला उठून गेला.

"सोड ते गाठोडं," ती सुनेला म्हणाली. "मागची खोली आवरायला घे. माणूस येईल एखाद दिवशी."

"आवरलेली आहे, आई."

थोरली उंबऱ्यात थबकली. पदराने मान पुसली, सुनेच्या हाताकडे पाहिलं. नखांत पिवळं साचलं होतं.

"कड वेडीवाकडी कापतेस," ती म्हणाली. "उद्या माझ्याजवळ बस. दाखवते."