मी न ऐकलेलं वाक्य

आमच्या गल्लीत एकदा अशी थंडी पडली की माझी शिट्टी हवेत गोठून टपकन खाली पडली. हे मी निम्म्या गावाला पटवलंय. धंद्यानं शिंपी, पण मशीनपेक्षा जीभ जास्त चालते.

बावीस वर्षांपूर्वी पलीकडच्या गल्लीतल्या एका बाईचा तिच्या नवऱ्यानंच खून केला. त्या दुपारी ती माझ्या दुकानातून शिवलेले कपडे घेऊन गेली होती. तेवढ्या धाग्यावर यंदा कॅमेरेवाले आले. खऱ्या गुन्ह्यांवर मालिका करत होते. मला झोतात बसवलं, तोंडाला पावडर लावली.

"छान, मास्तर. पुन्हा एकदा," दिग्दर्शक म्हणाला.

असं चारदा. दर खेपेला मी एक टाका वाढवला. चौथ्या खेपेला माझ्या गोष्टीतली ती बाई माझ्यासमोर दारात थबकली, डोळे पुसले आणि म्हणाली, "मुलगी सोबत आली असती, तर घरी जायची भीती वाटली नसती."

मालिका गाजली. गिऱ्हाइकं माझ्यासोबत फोटो काढू लागली.

गेल्या मंगळवारी तिशीची एक बाई आली. दुकानात आणखी दोघं होते.

"काका, मी तिची मुलगी. त्या दिवशी आई चल म्हणाली होती. मी खेळत बसले. तुमच्या दारात तसं म्हणाली तेव्हा रागावली होती का हो माझ्यावर?"

नाही गं, हसत होती, असं माझ्या ओठांपर्यंत आलं. तीही थापच.

"ती तसं म्हणालीच नाही," मी म्हणालो. "मी रचलं ते. मी दुकानात नव्हतोच. आमची ही होती."

ते दोघं भिंतीवरचे नमुने बघू लागले.

काजं करणाऱ्या बायकोनं सुई टोचून ठेवली. "निळा फ्रॉक होता तुझा. त्याला खिसे आहेत ना, एवढंच तिनं विचारलं. खिसे नसले की तू घालत नाहीस म्हणाली."

मुलगी तिच्याशेजारी बसली आणि रडली. जाताना मला म्हणाली, "हे त्या मालिकावाल्यांनाही सांगा."

मी दिग्दर्शकाला फोन केला. "मास्तर, तोच तर भाग लोकांना आवडलाय," तो म्हणाला.

मग मीच दुकानाच्या काचेवर कागद लावला: मालिकेतलं ते वाक्य खोटं आहे, मी रचलंय.

लोक वाचतात नि हसतात. "मास्तर, ही नवीन थाप वाटतं?"

मी माप घ्यायचं थांबवून प्रत्येकाला सांगतो. टेप हातात असते म्हणून बरं; तिच्याकडे बघत बोलता येतं.