लाल चिमटे, निळे चिमटे

सून परत तेच करत होती. नुकत्याच इस्त्री केलेल्या टॉवेलांच्या थप्पीवर तिनं आपले कागद पसरले होते, आणि त्यावर पेन, तेही टोपण न लावता.

"एवढं मोठं टेबल काय शोभेला ठेवलंय?" सासूबाई म्हणाल्या.

बायकांच्या व्यावसायिक टेनिस स्पर्धेला यंदा चाळीस वर्षं होत होती. प्रेक्षकांच्या गॅलरीखालची ही धुलाईची खोली सासूबाईंनी पहिल्या वर्षापासून सांभाळलेली. सून वर कार्यालयात कामाला, आणि स्पर्धेचा इतिहास लिहायचं काम तिच्याकडे आलेलं. संध्याकाळी पानं छापखान्यात जायची होती.

"ऐका ना, आई. नववं वर्ष. वादळात गॅलरीचं छप्पर उडाल्यामुळे स्पर्धा झाली नाही."

सासूबाईंच्या हातातली घडी अर्धीच राहिली.

"झाली नाही? मग आठवडाभर मी टॉवेल कोणाचे धुतले? भुतांचे?"

"कार्यालयाच्या वहीत तसंच लिहिलंय."

"वही लिहिणारे छपराच्या आधी उडाले, घरी! आठ जणी मात्र राहिल्या. खेळणं हेच त्यांचं काम, न खेळता कशा जातील? मागच्या सरावाच्या मैदानावर खेळल्या, माझ्या वाळवणाच्या दोऱ्यांशेजारी."

"आणि पंच?"

सासूबाईंनी चिमट्यांची टोपली पुढं ओढली. लाल एकीकडे, निळे एकीकडे करू लागल्या.

"पंधरा, तीस, चाळीस. पंचेचाळीस का नाही, हे मला आजवर एकाही शहाण्यानं सांगितलेलं नाही. मी आपली दोरीवर चिमटे लावत होते. एकीचे लाल, दुसरीचे निळे. गेम जिंकला की एक चिमटा वरच्या दोरीवर. शेवटच्या दिवशी, तिसऱ्या सेटला, वर लाल सात, निळे पाच."

"लाल कोणाचे?"

"डावखुरीचे. चेंडू रेषेपाशी पडला की माझ्याकडे बघायची. मी बाहेर म्हटलं की बाहेर. तुझ्यासारखं वहीकडे बोट नाही दाखवलं तिनं कधी."

सुनेनं त्या वर्षीची नोंदणीची यादी काढली. 'डावखुरी' अशी नोंद एकीच्याच नावापुढे होती. 'स्पर्धा झाली नाही'वर तिनं रेघ मारली, खाली चार ओळी लिहिल्या आणि कागद सासूबाईंपुढे धरला.

सासूबाईंनी पदरानं चष्मा पुसला. शाळा दुसरीतच सुटलेली. ओठ हलवत, अक्षराला अक्षर जुळवत त्या डावखुरीच्या नावावरून सात-पाचवर आल्या, तिथून खाली. शेवटच्या ओळीत 'पंच' होतं आणि त्यापुढे त्यांचंच नाव. तिथं बोट थांबलं ते हलेना.

मग त्यांनी तो कागद टॉवेलांच्या थप्पीवर परत ठेवला, कडा सरळ केल्या.

"अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय आहेत तुझं," त्या म्हणाल्या. "पण ऐकून घेतेस. पेनाला तेवढं टोपण लाव."